औरंगजेबाच्या दक्षिणस्वारीचा वेग कोठें मंदावला? – कांहीं साधनांचें परीक्षण

औरंगजेब बादशहा इ. स. १६८१ च्या अखेरीस बऱ्हाणपुरास येऊन उतरला आणि १७०७ च्या आरंभीं अहमदनगराजवळ त्याचा अंत झाला, हें शाळेंतील मुलांस देखील पाठ असतें. आम्हीं स्वतः तीस वर्षांहून अधिक काळ मुलांकडून तें पाठ करवून घेतलें आहे. या दोन टोकांच्या मध्यें काय घडलें असें विचारल्यास मात्र उत्तर ठराविक येतें: संताजी-धनाजींनीं मोगलांस जेरीस आणिलें, मोगलांच्या घोड्यांना पाण्यांत त्यांचीं प्रतिबिंबें दिसूं लागलीं, आणि बादशहा हताश होऊन मेला. हें उत्तर खोटें आहे असें आमचें म्हणणें नाहीं. तें अपुरें आहे. आणि त्याचें अपुरेपण आपल्या ध्यानांत येत नाहीं, याचें कारण आपण आपलीं साधनें ज्या रीतीनें वाचतों त्यांत आहे. म्हणून प्रस्तुत लेखांत हकीकत पुन्हा सांगण्यापेक्षां साधनांचें परीक्षण करण्याचा विचार आहे.

प्रथम घरचीं साधनें पाहूं. मल्हार रामराव चिटणिसांची बखर या प्रकरणीं सर्वांत अधिक वाचली गेली. ती त्या घडामोडींनंतर शंभराहून अधिक वर्षांनीं लिहिलेली आहे, हें विसरून चालणार नाहीं. बादशहाच्या डेऱ्याचे सोन्याचे कळस कापून आणल्याची हकीकत तींत ज्या उत्साहानें येते, तो उत्साह आम्हांस आजही आवडतो. परंतु बखरकारास रात्र दिसते, वर्ष दिसत नाहीं. कळस कापले गेले त्याच वर्षीं रायगड पडला, येसूबाई व बाळ शाहू शत्रूच्या हातीं गेलीं, आणि छत्रपति राजारामास कर्नाटकांत निघून जावें लागलें. कळस कापल्यानें स्वारी थांबली नाहीं. मग ती कशानें थांबली, याचें उत्तर बखरीच्या पुढील पानांतही मिळत नाहीं. कारण बखरीला स्वारीची गति हा विषयच नाहीं, पुरुषांचे पराक्रम हा विषय आहे.

केशव पंडिताचें राजारामचरितम् हें संस्कृत काव्य याहून निराळ्या कोटींतलें, कारण तें प्रसंगाच्या अगदीं जवळ, १६९० च्या सुमारास रचलेलें आहे. बेंद्रे यांनीं १९३१ सालीं तें प्रसिद्ध केलें, तेव्हांपासून पन्हाळ्याहून जिंजीपर्यंतच्या प्रवासासाठीं त्याचा आधार घेण्यांत येतो. आमचा सारा जन्म संस्कृतांत गेला असल्यामुळें या काव्याविषयीं आम्हांस पक्षपात आहे. तथापि राजा जिंजीस पोंचला कीं कवीचें काम संपतें. ज्या आठ वर्षांत स्वारीचा वेग ओसरला तीं जिंजीचीं वर्षें त्याच्या पुढेंच राहिलेलीं. जेधे शकावली त्यामानानें दूर जाते, पण तीही शके १६१९ पाशीं थांबते. म्हणजे बादशहानें सह्याद्रींतील किल्ल्यांना स्वतः वेढे घालण्यास प्रारंभ करण्यापूर्वी सुमारें दोन वर्षें. एकूण आपलीं घरचीं साधनें जेथें पाहिजेत नेमकीं तेथेंच मुकीं होतात.

यासाठीं शत्रूपक्षाच्या ग्रंथांकडे वळावें लागतें. आमचें फार्सी परावलंबी आहे, हें आधींच कबूल करतों. जदुनाथ सरकारांचीं इंग्रजी भाषांतरें आणि सेतुमाधवराव पगडी यांनीं या फार्सी ग्रंथांतील मराठ्यांसंबंधींचे भाग मराठींत आणिले ते, यांच्याच आधारें आम्ही बोलत आहों.

साकी मुस्तैदखान याचा मआसिर-इ-आलमगिरी हा ग्रंथ आपल्याकडे केवळ तारखांसाठीं उघडला जातो. बादशहाची स्तुति पाहून वाचक कंटाळतो, आणि हवी ती तारीख टिपून घेऊन पुस्तक मिटतो. आमचें मत असें कीं, स्वारी कशी खचली याचा सर्वांत विश्वसनीय पुरावा याच स्तुतिग्रंथांत आहे, आणि तो ग्रंथकाराच्या इच्छेविरुद्ध तेथें आलेला आहे. साकीनें आपला ग्रंथ बादशहाच्या मृत्यूनंतर, १७१० सालीं, इनायतुल्लाखानाच्या सांगण्यावरून पुरा केला. शेवट काय झाला हें त्याला ठाऊक होतें. तरीही तो प्रत्येक किल्ला फत्ते झाल्याचें आनंदानें नमूद करितो व त्याचें नवें नांव देतो: सातारा तो आझमतारा, परळी ती नवरसतारा, विशाळगड तो सख्खरलना, सिंहगड तो बक्षिंदाबक्ष, तोरणा तो फुतूहुल्घैब. या नांवांत हार कोठेंच नाहीं. परंतु हींच पानें दिनदर्शिका व नकाशा शेजारीं ठेवून वाचावीं, म्हणजे निराळाच अर्थ निघूं लागतो.

प्रथम जुना वेग पाहावा. १६८६ च्या सप्टेंबरांत विजापूर पडलें. पुढील वर्षाच्या त्याच महिन्यांत गोवळकोंडें. १६८९ च्या फेब्रुवारींत छत्रपति संभाजी महाराज संगमेश्वरीं पकडले गेले, मार्चांत त्यांचा वध झाला, आणि वर्ष संपण्यापूर्वी रायगड शत्रूकडे गेला. सवातीन वर्षांत दोन पातशाह्या नष्ट आणि तिसऱ्या राज्याचा राजा व राजधानी नाहींशी! यापेक्षां वेगवान स्वारी हिंदुस्थानच्या इतिहासांत फारशी सांपडावयाची नाहीं. त्यावेळीं कोणा तटस्थाला विचारलें असतें तर दक्षिणेचा निकाल लागला असेंच त्यानें सांगितलें असतें.

आतां नंतरचा वेग. १६९९ च्या ऑक्टोबरांत बादशहा भीमेकांठच्या ब्रह्मपुरीहून, म्हणजे ज्यास तो इस्लामपुरी म्हणे त्या तळावरून, किल्ले घेण्यास निघाला. डिसेंबरांत साताऱ्यास वेढा पडला. तो १७०० च्या एप्रिलांत संपला. शेवटच्या दिवसांत सुरुंग उलटून मोगलांचींच सुमारें दोन हजार माणसें तटाखालीं गाडलीं गेलीं, आणि तरीही किल्ला हातीं आला तो राजाराम महाराजांच्या मृत्यूची वार्ता येऊन बोलणें लागल्यामुळें. जूनांत परळी. मग पावसाळा. परतीच्या वाटेवर माण नदीकांठीं खवासपुरास तळ असतां ऑक्टोबरच्या पहिल्या रात्रीं नदीला लोंढा आला व छावणी वाहून गेली. त्या गडबडींत बादशहाचा पाय दुखावला तो कायमचा अधू राहिला; दरबाऱ्यांनीं त्यास तैमूरलंगाचा वारसा म्हणून गौरविलें असें सांगतात. १७०१ च्या मेमध्यें पन्हाळा. १७०२ च्या जूनांत विशाळगड. १७०३ च्या एप्रिलांत सिंहगड. १७०४ च्या फेब्रुवारींत राजगड, मार्चांत तोरणा. १७०५ च्या एप्रिलांत बेरडांचें वाकिणखेडें, तेंही पिडिया नायक निसटून गेल्यावर जळकें व ओसाड.

साडेपांच वर्षें, आणि मोठे म्हणावे असे सातआठ किल्ले! वाकिणखेडें सोडल्यास हे सारे किल्ले अशा टापूंत आहेत कीं, चांगला घोडा असलेला मनुष्य आठपंधरा दिवसांत त्या सर्वांच्या पायथ्यास जाऊन येईल. ज्या सैन्यानें एका वर्षांत एक पातशाही बुडविली, त्याच सैन्याला एका वर्षांत एक डोंगर पुरूं लागला. विशाळगड घेतल्यानंतरची परतीची वाट साकीनें दडवून ठेविली नाहीं, यासाठीं आपण त्याचे ऋणी आहों. विशाळगड ते पन्हाळा हें अंतर सुमारें तीस मैलांचें. जून-जुलैच्या पावसांत ओढे उतरत नाहींत, उंट ओझें घेत नाहींत, धान्य मिळत नाहीं, अशा स्थितींत बादशाही लष्करास तेवढें अंतर तोडण्यास सव्वा महिन्याहून अधिक काळ लागला. जिंकून परतणाऱ्या सैन्याची ही चाल आहे, हरून पळणाऱ्याची नव्हे. म्हणूनच ती अधिक बोलकी आहे.

येथें कोणी म्हणेल कीं, किल्ले अवघड होते, मावळे शूर होते, यांत नवल तें काय? पण किल्ले बहुधा लढून पडलेच नाहींत. विशाळगडाबद्दल परशुराम त्रिंबकास दोन लक्ष रुपये मिळाले. सिंहगडही पैशानेंच हातीं आला. तोरणा तेवढा रात्रीं दोर लावून, चढून घेतलेला. लांच देऊन दार उघडण्याची युक्ति नवी नव्हती. गोवळकोंड्याचें दारही १६८७ सालीं अशाच रीतीनें उघडलें होतें. फरक इतकाच कीं, गोवळकोंड्याच्या दाराच्या किंमतींत सारें राज्य मिळालें. विशाळगडाच्या दाराच्या किंमतींत विशाळगड मिळाला. त्यावर शिबंदी ठेवावयाची, तिला धान्य पोंचवावयाचें, आणि लष्कर पुढील किल्ल्याकडे वळलें कीं मागला किल्ला पुन्हा जाण्याची वाट पाहावयाची. किल्लेदाराच्या बाजूनें पाहिलें तर पावसाळ्यापर्यंत दम धरावा, मग उत्तम भाव घ्यावा, आणि पुढें किल्ला परत मिळविण्याच्या उद्योगास लागावें, असा हा व्यवहार होता. बादशहाच्या मरणापूर्वी वा त्याच्या आगेंमागें यांतील बहुतेक किल्ले मराठ्यांकडे परत आले, आणि नवीं नांवें साकीच्या पानांवरच राहिलीं. किल्ला हा राज्यरक्षणाचा मुख्य आधार कसा, हें आज्ञापत्रांत विस्तारानें आलें आहे. त्या प्रकरणाचें विवेचन करितांना शिवकालाचाच दाखला नेहमीं दिला जातो. आमच्या समजुतीप्रमाणें त्यामागें या साडेपांच वर्षांचा अनुभव अधिक ताजा आहे. रामचंद्रपंत अमात्यानें ते हिशेब स्वतः पाहिलेले होते.

असे असलें तरी वेग मंदावण्याचा आरंभ १६९९ सालीं झाला असें मानणें हीही चूक होईल. किल्ल्यांची ही मोहीम म्हणजे थांबलेलें चाक पुन्हा फिरविण्याचा, वयाची ऐंशी वर्षें ओलांडलेल्या पुरुषाचा प्रयत्न होता. चाक थांबलें होतें तें त्यापूर्वी, आणि त्याचा साक्षीदार भीमसेन सक्सेना हा आहे.

भीमसेन हा बऱ्हाणपूरचा कायस्थ, दतियाचा राजा दलपतराव बुंदेला याच्या पदरीं कारकुनी करणारा. त्याची तारीख-इ-दिल्कुशा हा दरबाराचा ग्रंथ नव्हे. छावणींतील कारकुनाची ती आठवण आहे. सरकारांनीं केलेलें तिचें भाषांतर १९७२ सालीं मुंबईस प्रसिद्ध झालें. साकी बादशहाच्या डेऱ्यांतून पाहतो. भीमसेन बाजाराच्या तोंडाशीं उभा राहून पाहतो, धान्याचा भाव विचारतो, पगार कां थकला हें त्याला कळतें. जिंजीच्या वेढ्यांत तो होता. १६९० मध्यें सुरू झालेला तो वेढा १६९८ च्या आरंभीं संपला. जुल्फिकारखानानें मनावर घेतलें असतें तर किल्ला केव्हांच पडला असता, पण सरदार लोक लढाई लांबवीत असतात, असा त्याचा स्पष्ट अभिप्राय आहे. त्याच छावणींत शाहजादा कामबक्षाचें राजारामाकडे गुप्त संधान असल्याचें उघडकीस आलें, आणि असदखान व जुल्फिकारखान या पितापुत्रांनीं प्रत्यक्ष बादशहाच्या मुलास कैद केलें. वेढा घालणाऱ्या सैन्याचीच अशी अवस्था! आणि किल्ला अखेर पडला तेव्हां राजाराम त्यांत नव्हताच.

भीमसेनाचें एक निरीक्षण आम्हांस सर्व तहांपेक्षां व लढायांपेक्षां मोलाचें वाटतें. तो सांगतो कीं, वर्षानुवर्षें छावणींत राहून लोकांनीं बायका तेथेंच बोलावून घेतल्या. मुलें राहुट्यांतच जन्मलीं, तेथेंच मोठीं झालीं, आणि घर म्हणून कांहीं असतें हें त्यांस ठाऊक नव्हतें. आमच्या शास्त्रकारांनीं षाड्गुण्यांत यान आणि आसन हे दोन निराळे गुण सांगितले आहेत: एक शत्रूवर चालून जाणें, दुसरा आपल्या जागीं बसून राहणें. बादशहाची समजूत आपण यान चालविलें आहे अशी होती. भीमसेनाच्या राहुटींतून पाहिलें तर १६९० नंतर तें आसन झालें होतें, आणि ब्रह्मपुरीस चार वर्षांहून अधिक काळ तळ पडला तेव्हां तर त्याचें गांवच झालें. याच काळांत १६९५ च्या अखेरीस दोड्डेरीस कासिमखानाचा नाश झाला व थोड्याच दिवसांनीं हिंमतखान मारला गेला. आणि पुढें बादशहा साताऱ्याच्या रोखानें गुंतला त्या सुमारास कृष्णा सावंत नर्मदा ओलांडून माळव्यांत शिरला, हेंही भीमसेनच नोंदवितो. चढाई करणारा जागीं बसला, आणि जो मोडला म्हणून समजलें जात होतें तो नर्मदेपार गेला.

भीमसेनही निर्दोष साक्षीदार नव्हे. त्याचा धनी दलपतराव १७०७ मध्यें जाजऊच्या लढाईंत पडला, आणि ग्रंथ त्यानंतर पुरा झाला; तेव्हां त्याच्या कडवटपणांत पश्चात्बुद्धि किती व त्यावेळचें मत किती, हें वेगळें करणें अवघड आहे. जुल्फिकारखानाविषयींचा त्याचा संशय पुराव्याशिवाय सिद्धांत म्हणून घेऊं नये. तथापि साकीनें ज्या गोष्टी विजय म्हणून लिहिल्या त्यांची वजाबाकी भीमसेनानें केली, आणि दोघांच्या तारखा जुळतात. दोन परस्परविरुद्ध वृत्तीचे साक्षीदार एकाच अंतरावर एकच दिवस मोजतात, तेव्हां तो पुरावा पक्का समजावा. मनुचीचा मात्र आम्हांस मोह नाहीं. दक्षिणेंत दरवर्षीं एक लक्ष माणसें व तीन लक्ष जनावरें मेलीं हें त्याचें वाक्य सर्वत्र उद्धृत होतें. अशा वाटोळ्या आंकड्यांवर इमारत उभारूं नये.

मग संताजी-धनाजींचें काय? त्यांचें श्रेय हिरावून घेण्याचा आमचा हेतु नाहीं. दोड्डेरीचें यश संताजीचेंच आहे. परंतु संताजी १६९७ सालीं मारला गेला, आणि तो मोगलांच्या युक्तीनें नव्हे, आपल्याच लोकांच्या वैरानें. त्यानंतरही स्वारी सावरली नाहीं. राजाराम १७०० मध्यें गेला. तरीही सावरली नाहीं. राजा, सेनापति, राजधानी यांपैकीं एकावरच जें अवलंबून नाहीं असें कांहीं तरी समोर उभें राहिलें होतें. खाफीखान हा ताराबाईची स्तुति करतांना कचरत नाहीं, आणि मराठ्यांनीं मोगली मुलखांत आपले कमाविसदार बसवून वसुली चालविल्याचें वर्णन करतो, तें याच दृष्टीनें वाचावें. एका ठिकाणीं मारून ज्याचा जीव जात नाहीं अशा शत्रूवर वेगाचा उपयोग कसा व्हावा?

हें जें उभें राहिलें त्याचा पाया वतनांत आहे, आणि येथेंच आमचें गाऱ्हाणें आहे. राजारामानें १६९० च्या मार्चांत बाजी सर्जेराव जेधे यांस लिहिलेलें पत्र, किंवा १६९१ सालीं हणमंतराव घोरपडे यांस थेट दिल्लीपर्यंतच्या मुलखाच्या भरवशावर नेमून दिलेला सरंजाम, हीं पत्रें प्रसिद्ध आहेत व तीं अभिमानानें उद्धृत होतात. परंतु त्या पत्रांची गरज कां पडली? बादशहाही वतनें देत होता म्हणून. गांवोगांवच्या देशमुख-देशपांड्यांना दोन्हीं बाजूंनीं बोलावणीं येत होतीं, आणि पुष्कळांनीं दोन्हीं घेतलीं. कौटिल्य ज्यास द्वैधीभाव म्हणतो तो राजनीतींतील गुण आहे, दोष नव्हे; पण आपण तो घरांतील कलंक समजतों.

एका जुन्या वाड्यांत कागद पाहण्यास आम्ही गेलों होतों. यजमानांनीं आदरानें रुमाल सोडला. छत्रपतींचें अभयपत्र डोक्याला लावून आमच्या हातीं दिलें. त्याच रुमालांत खालीं फार्सी शिक्क्याचा एक कागद दिसला. तो मागतांच यजमान म्हणाले, "तो मोगलाईचा आहे मास्तर, तो राहूं द्या." आम्हीं आग्रह केला नाहीं, आणि त्याचा पश्चात्ताप आम्हांस अजून होतो. कारण बादशहाचें लष्कर किल्ल्याखालीं असतां जो देशमुख त्याला रुजू झाला, आणि तें पुढें सरकतांच ज्यानें वसूल पुन्हा मराठ्यांच्या कमाविसदाराकडे भरला, त्यानेंच तीस मैलांचे चाळीस दिवस केले. लष्करास धान्य, बैल, वाटाड्या आणि खबर हीं सर्व याच माणसाकडून मिळावयाचीं, आणि तो कोणाचा हें लष्कर कोठें उभें आहे यावर ठरणार. त्याचा पराक्रम बखरींत येणार नाहीं, साकीच्या यादींतही नाहीं. तो त्या दोन कागदांवरील तारखांच्या मधल्या अंतरांत आहे. एकच कागद ठेवून दुसरा गुंडाळून ठेविला तर तें अंतर मोजतां येत नाहीं.

जयपूर दरबारच्या संग्रहांतील मोगली अखबारांत रोजच्या रोज नोंदी आहेत. त्यांना पश्चात्बुद्धीचा दोष नाहीं. त्यांतील तळांची ठिकाणें एका बाजूस व या वतनी कागदांच्या तारखा दुसऱ्या बाजूस मांडल्या, तर लष्कर एखाद्या परगण्यांतून गेल्यावर किती दिवसांनीं तो परगणा फिरला, हें गांववार दाखवितां येईल. सातारा, पन्हाळा व पुणें या प्रांतांपुरतें तरी हें काम होण्यासारखें आहे. या त्रैमासिकाच्या वाचकांपैकीं ज्यांच्या संग्रहीं १६८९ ते १७०५ या सालांमधील एकाच घराण्यास मिळालेले असे दोन्हीं शिक्क्यांचे कागद असतील, त्यांनीं त्यांच्या नकला, मोगली कागद न वगळतां, मंडळाकडे पाठवाव्या, आणि संपादकांनीं त्या एकमेकांशेजारीं, मूळ तारखांसह छापाव्या, अशी विनंति आहे.